कार्ड खाटेचे, गोळ्या रोजच्या

देवगड तालुक्यातल्या बऱ्याच घरांत कपाटाच्या वरच्या कप्प्यात एक प्लास्टिकची पिशवी असते. रेशन कार्ड, आधार, बँकेचे पासबुक आणि अलीकडे त्यात भर पडलेले आयुष्मानचे कार्ड. मुंबईत नोकरीला असलेल्या मुलाच्या कंपनीने आई-वडिलांचाही विमा काढला असेल, तर त्याचे आणखी एक कार्ड. रक्तदाब किंवा साखर दाखवायला खासगी दवाखान्यात जाताना ज्येष्ठ मंडळी ती पिशवी सोबत नेतात आणि विचारतात, "डॉक्टरांनू, ह्यां कार्ड हंय चलता काय?"

उत्तर बहुतेक वेळा 'नाही' असे येते. मग कुणाला वाटते डॉक्टर टाळतोय, कुणाला वाटते सरकारने फसवले, तर कुणी मुलाला फोन करून विचारतो, "तुझा विमा कसला रे?" खरे तर यात कुणी फसवलेले नसते. कार्ड खरे असते, डॉक्टरही खरे बोलत असतो. कार्ड ज्या कामासाठी दिले आहे ते काम दवाखान्यात होत नाही, एवढेच. ते आहे रुग्णालयातल्या खाटेसाठी, आणि ज्येष्ठांची रोजची गरज असते ती तपासणीची आणि गोळ्यांची. हा फरक कार्ड देताना कुणी नीट सांगत नाही. त्याची किंमत मात्र म्हातारपणी मोजावी लागते.

सिंधुदुर्गात हा प्रश्न थोडा जास्तच टोचतो. २००१च्या जनगणनेत जिल्ह्याची लोकसंख्या ८ लाख ६८ हजार होती. २०११ मध्ये ती ८ लाख ४९ हजारांवर आली. तरुण मुंबई-पुण्याला, गोव्याला जातात. घर, कलमे आणि गुरे सांभाळायला मागे राहतात ते साठीच्या पुढचे. त्यांचे आजारही ठरलेले असतात: रक्तदाब, मधुमेह, दमा, गुडघे, मोतीबिंदू. यातल्या बहुतेकांना वर्षातून एकदा मोठा खर्च येत नाही. दर महिन्याला थोडा थोडा खर्च येतो, तोही मरेपर्यंत. देशपातळीवरचे चित्रही असेच आहे. राष्ट्रीय आरोग्य लेख्यांनुसार २०२१-२२ मध्ये देशातल्या एकूण आरोग्यखर्चापैकी ३९.४ टक्के खर्च लोकांनी थेट खिशातून केला, आणि त्यातला मोठा भाग औषधांचा व बाह्यरुग्ण तपासणीचा असतो.

आता कोणते कार्ड कशासाठी आहे ते पाहू. महात्मा जोतिराव फुले जन आरोग्य योजना राज्यात २०१२ मध्ये राजीव गांधी जीवनदायी आरोग्य योजना या नावाने आठ जिल्ह्यांत सुरू झाली आणि २०१३ मध्ये राज्यभर लागू झाली. केंद्राची आयुष्मान भारत प्रधानमंत्री जन आरोग्य योजना सप्टेंबर २०१८ मध्ये आली. पुढे दोन्ही योजना एकत्र राबवल्या जाऊ लागल्या आणि १ जुलै २०२४ पासून राज्यातल्या सर्वच कुटुंबांना वर्षाला पाच लाख रुपयांपर्यंतचे संरक्षण मिळू लागले. २९ ऑक्टोबर २०२४ रोजी केंद्राने सत्तर वर्षे पूर्ण केलेल्या प्रत्येकाला, उत्पन्नाची अट न घालता, आयुष्मान वय वंदना कार्ड द्यायला सुरुवात केली. त्यासाठी आधार कार्ड पुरते. जुना आजार असला तरी पहिल्या दिवसापासून संरक्षण मिळते. मुलाच्या कंपनीचा विमा असला तरी हे कार्ड काढता येते. केंद्र सरकारच्या सीजीएचएस किंवा माजी सैनिकांच्या ईसीएचएस योजनेत असलेल्यांना मात्र दोहोंपैकी एकाची निवड करावी लागते.

हे सगळे मोलाचे आहे. हृदयाची अँजिओप्लास्टी, मोडलेल्या खुब्याची शस्त्रक्रिया, कर्करोगाचे उपचार यांसाठी पूर्वी कलमांची बाग गहाण पडत असे. पण या योजनांत पैसे मिळतात ते योजनेच्या यादीतल्या उपचारांचे, आणि तेही मुख्यतः रुग्णालयात भरती झाल्यावर. आयुष्मानमध्ये भरतीच्या आधीचे तीन दिवस आणि घरी सोडल्यानंतरचे पंधरा दिवस धरले जातात. त्यानंतरच्या गोळ्या पुन्हा ज्याच्या त्याच्या खिशातून. म्हणजे पक्षाघात झाल्यावर कार्ड उपयोगी पडते. पक्षाघात होऊ नये म्हणून रोज घ्यायच्या रक्तदाबाच्या गोळीला ते उपयोगी पडत नाही.

खासगी विम्याचेही तेच. बहुतेक पॉलिसींत किमान चोवीस तासांची भरती किंवा यादीतली 'डे-केअर' शस्त्रक्रिया लागते. ओपीडीचा खर्च हवा असेल तर तशी जोड वेगळे पैसे भरून घ्यावी लागते. इथे एक मोह टाळायला हवा. "एक रात्र भरती व्हा, सगळ्या तपासण्या विम्यातून काढू," असा सल्ला कुणी दिला, तरी तो मानू नये. केवळ तपासण्यांसाठी झालेली भरती पॉलिसीत स्पष्टपणे वगळलेली असते. दावा फेटाळला गेला की बिल रुग्णाच्या माथी आणि विमा कंपनीकडे शंकेची नोंद, असा दुहेरी तोटा होतो.

मग ज्येष्ठांच्या रोजच्या तपासणीसाठी काहीच सोय नाही का? आहे, आणि तिला कार्डाची गरजच नाही. आयुष्मान भारत ही योजना मुळात दोन पायांवर उभी केली गेली: एक पाय विम्याचा, दुसरा गावपातळीवरच्या आरोग्य केंद्रांचा, ज्यांना आता आयुष्मान आरोग्य मंदिर म्हणतात. जाहिरात पहिल्याची झाली, दुसरा झाकोळला. १५ ऑगस्ट २०२३ पासून राज्याच्या सार्वजनिक आरोग्य विभागाच्या रुग्णालयांत केसपेपरसह तपासणी, औषधे आणि उपचार निःशुल्क आहेत. देवगडचे ग्रामीण रुग्णालय, तालुक्यातली पडेल, मोंड, मिठबाव, फणसगावसारखी प्राथमिक आरोग्य केंद्रे आणि त्यांची उपकेंद्रे, सगळीकडे हे लागू आहे. वृद्धांच्या आरोग्याच्या राष्ट्रीय कार्यक्रमानुसार प्राथमिक आरोग्य केंद्रात आठवड्यातून एकदा आणि ग्रामीण रुग्णालयात आठवड्यातून दोनदा ज्येष्ठांसाठी स्वतंत्र ओपीडी अपेक्षित आहे. मोतीबिंदूची शस्त्रक्रिया अंधत्व नियंत्रण कार्यक्रमातून शासकीय रुग्णालयात मोफत होते.

रक्तदाबाच्या बाबतीत तर सिंधुदुर्ग देशात पुढे होता. २०१७च्या अखेरीस जाहीर झालेल्या भारतीय उच्च रक्तदाब नियंत्रण उपक्रमात महाराष्ट्रातले जे पहिले चार जिल्हे निवडले गेले, त्यांत भंडारा, सातारा आणि वर्धा यांच्यासोबत सिंधुदुर्ग होता. कल्पना अगदी साधी होती: ठरलेली, स्वस्त, गुणकारी औषधे, महिनाभराच्या गोळ्या एकदम, प्रत्येक रुग्णाची नोंद, आणि जो आला नाही त्याला फोन. एवढ्यावर उपचारात टिकून राहिलेल्यांपैकी जवळपास निम्म्यांचा रक्तदाब आटोक्यात राहिला. आपल्याकडे या आजाराचे जे हाल होतात, ते पाहता हे यश लहान नाही. २०२२ मध्ये संयुक्त राष्ट्रांनी या उपक्रमाचा पुरस्कार देऊन गौरव केला. त्यात कुठेही विम्याचे कार्ड नव्हते. होती ती नियमित मिळणारी गोळी आणि चौकशी करणारे माणूस.

म्हणून 'कार्ड इथे चालते का' या एका प्रश्नाचे दोन प्रश्न करावेत. पहिला रोजच्या तपासणीचा: जवळच्या आरोग्य केंद्रात ज्येष्ठांची ओपीडी कोणत्या वारी असते आणि महिन्याच्या गोळ्या तिथे मिळतात का? हे आशाताईंना किंवा उपकेंद्रातल्या सिस्टरना विचारले की कळते. खासगी डॉक्टरांकडे जायचे असेल तर त्यांची फी आणि औषधांचा खर्च खिशातूनच करायचा आहे, हे धरून चालावे. तिथेही लिहून दिलेले औषध जेनेरिकमध्ये मिळेल का, हे विचारायला संकोच करू नये.

दुसरा प्रश्न भरतीचा, आणि तो आजार येण्याआधी विचारायचा असतो. शासकीय योजनेसाठी रुग्णालय 'अंगीकृत' असावे लागते. पण रुग्णालय अंगीकृत आहे एवढे कळून भागत नाही. तिथला कोणता विभाग योजनेत आहे, हेही पाहावे लागते. हाडांच्या शस्त्रक्रियेसाठी यादीत असलेले रुग्णालय हृदयरोगासाठी यादीत असेलच असे नाही. काही उपचार केवळ शासकीय रुग्णालयांसाठी राखीव आहेत. प्रत्येक अंगीकृत रुग्णालयात आरोग्यमित्र असतो. भरतीआधी त्याला भेटून "हा आजार, हा उपचार, याच रुग्णालयात योजनेतून होईल ना, आणि वरून काही भरावे लागेल का?" असे स्पष्ट विचारावे. घरबसल्या विचारायचे तर फुले योजनेसाठी १५५३८८ आणि आयुष्मानसाठी १४५५५ हे क्रमांक आहेत.

खासगी विमा असेल तर मुलाने मुंबईतून करायचे काम वेगळे आहे. कंपनीच्या 'नेटवर्क' यादीत देवगडचा पिनकोड टाकून पाहावा. जवळ काही सापडले नाही तर कणकवली, कुडाळ, ओरोस, कोल्हापूर असे पुढे सरकावे. यादीत नसलेल्या रुग्णालयात आधी पैसे भरून नंतर परतावा मागावा लागतो. त्यासाठी मूळ बिले आणि डिस्चार्ज कार्ड जपून ठेवावे लागते. ज्येष्ठांच्या पॉलिसीत 'को-पे' किती टक्के आहे, हेही पाहावे. तो वीस टक्के असेल, तर एक लाखाच्या बिलात वीस हजार घरचे जातात. जानेवारी २०२४ पासून प्रत्येक पॉलिसीसोबत सोप्या शब्दांतले माहितीपत्रक देणे कंपन्यांवर बंधनकारक आहे आणि ग्राहकाने मागितल्यास ते स्थानिक भाषेत मिळते. ते मराठीत मागून घ्यावे. कंपनीचा गट विमा नोकरी सुटली की संपतो, हेही आई-वडिलांच्या कानावर घालून ठेवावे.

एवढी सगळी चौकशी पंचाहत्तरीच्या माणसाने करावी, ही अपेक्षा मुळात रास्त आहे का? दृष्टी अधू, मोबाइल साधा, घरात दोघेच आणि रस्ता तळेबाजार, शिरगाव, नांदगाव असा वळणावळणांचा. ओरोसला पोहोचल्यावर 'हा विभाग योजनेत नाही' असे कळणे म्हणजे अर्धा दिवस, गाडीभाडे आणि उरलासुरला धीर घालवणे. गोव्यावर विसंबून राहण्याचे दिवसही गेले. बांबोळीच्या गोवा वैद्यकीय महाविद्यालयात जानेवारी २०१८ पासून गोव्याबाहेरच्या रुग्णांना शुल्क सुरू झाले, तेव्हा त्याची सर्वाधिक झळ सिंधुदुर्गालाच बसली.

जगात याची वेगवेगळी उत्तरे आहेत. अमेरिकेत १९६५ मध्ये आलेल्या मेडिकेअरमध्ये ज्येष्ठांच्या डॉक्टरभेटीचा खर्चही धरला जातो. त्यामुळे 'हा दवाखाना माझा विमा घेतो का' हा तिथला रोजचा प्रश्न आहे आणि तो विचारण्यात तिथले ज्येष्ठही थकून जातात. थायलंडने २००२ पर्यंत सार्वत्रिक योजना देशभर नेताना प्रत्येक नागरिकाचे नाव घराजवळच्या सरकारी आरोग्यसेवेशी जोडले. तपासणी, गोळ्या आणि मोठ्या रुग्णालयाची चिठ्ठी तिथूनच मिळते. आपल्याकडे ओपीडीही विम्यात आणा, अशी मागणी अधूनमधून होते. ती ऐकायला गोड आहे. पण शे-दोनशे रुपयांच्या लाखो बिलांची छाननी करणे खर्चिक आहे, त्यात गैरप्रकाराला वाव आहे आणि जिथे खासगी दवाखानाच नाही, त्या वाडीवर त्याचा उपयोग शून्य. आपल्याला जवळचा मार्ग थायलंडचा आहे. आरोग्य केंद्रे आणि उपकेंद्रे उभी आहेतच. ती भरवशाची करायची आहेत.

त्यासाठी फार मोठा निधी लागत नाही. प्राथमिक आरोग्य केंद्रात डॉक्टरचे पद रिकामे राहू नये, रक्तदाब-मधुमेहाच्या गोळ्यांचा साठा संपू नये, आणि ज्येष्ठांची ओपीडी ठरल्या वारी खरोखरच भरावी. ज्यांचा आजार स्थिर आहे त्यांना दोन महिन्यांच्या गोळ्या एकदम द्याव्यात, चालता न येणाऱ्यांना त्या आशाताईंमार्फत घरपोच मिळाव्यात. प्रत्येक आरोग्य केंद्रात आणि ग्रामपंचायतीत एक फलक असावा: जिल्ह्यातले कोणते रुग्णालय कोणत्या आजारासाठी आज योजनेत आहे आणि तिथल्या आरोग्यमित्राचा फोन क्रमांक काय. तो फलक दर महिन्याला बदलावा. आणि ज्याने कार्ड काढून दिले, त्यानेच 'हे भरतीसाठी आहे, रोजच्या तपासणीसाठी आरोग्य केंद्रात जा' एवढे एक वाक्य सांगावे.

ते न सांगण्याचा परिणाम दवाखान्यांत दिसतो. कार्ड चालत नाही म्हणून तपासणी लांबते, गोळ्या संपतात, 'बरे वाटतेय' म्हणून पुन्हा आणल्या जात नाहीत. रक्तदाब मात्र दुखत नाही, खुपत नाही. एके पहाटे तोंड वाकडे होते, हात उचलत नाही, आणि तेव्हा मात्र पाच लाखांचे कार्ड चालते. पण मेंदूचा गेलेला भाग ते परत आणू शकत नाही.

गणपतीत किंवा मे महिन्यात चाकरमानी घरी आले की ती प्लास्टिकची पिशवी एकदा खाली काढावी. कार्डे कुठली, रुग्णालय कुठले, फोन कुणाला, हे मोठ्या अक्षरांत एका कागदावर लिहून भिंतीवर लावावे. आणि त्याच कागदाच्या सर्वांत वर लिहावे: महिन्याच्या गोळ्या कोणत्या वारी, कुठे मिळतात.