बांधाचा वाद आणि उशिरा आलेला कागद

खेड्यापाड्यांतून बांधाचे दावे नित्याचे आहेत. शेजारी बांध कोरतो, हातभर जमीन जाते आणि प्रकरण दिवाणी न्यायालयात पोहोचते. वर्षे लोटतात. मोजणीचा जुना नकाशा किंवा फेरफाराची नक्कल हाती येते, तेव्हा पुराव्याची वेळ टळून गेलेली असते.

१९७६ च्या दुरुस्तीने दिवाणी प्रक्रिया संहितेत अशा पुराव्यासाठी स्वतंत्र तरतूद झाली होती. दिरंगाईला आळा घालण्यासाठी ती १ जुलै २००२ पासून वगळण्यात आली. तथापि, तरतूद गेली तरी असा पुरावा घेण्याचा न्यायालयाचा अधिकार गेलेला नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २००५ साली स्पष्ट केले. योग्य ती दक्षता घेऊनही जो पुरावा आधी मिळू शकला नाही, तो आदेश ४१, नियम २७ अन्वये अपिलातही दाखल करता येतो.

प्रश्न आहे तो या दक्षतेच्या मापाचा. ज्याच्या दिमतीला वकील आहे तो, आणि जो एका नकलेसाठी मजुरी बुडवून तालुक्याला खेटे घालतो तो, या दोघांना एकाच मापाने मोजणे हा समतेचा केवळ आभास होय. सरकारी दप्तरदिरंगाईची शिक्षा अल्पभूधारकाने का भोगावी? प्रतिपक्षाला उत्तराची पुरेशी संधी देऊन त्याचा कागद घेतलाच पाहिजे. कागद मुद्दाम दडवून ऐन वेळी पुढे करणाऱ्या धनदांडग्याला मात्र ही सवलत मिळता कामा नये.

कार्यकर्त्यांनीही मोर्चापाशी थांबू नये. दाव्यापूर्वीच गरिबाच्या हाती नकला पडतील हे पाहणे, हेही चळवळीचेच काम आहे.