खेळांत राजकारण नको?

खेळांत राजकारण आणूं नये, हें वाक्य घरोघरीं मोठ्या निष्ठेनें उच्चारलें जातें. तें ऐकलें कीं आम्हांस निलंगा तालुक्यांतील रामलिंग मुदगड या गांवाची आठवण होते.

या गांवचे हरिश्चंद्र बिराजदार कोल्हापुरास गंगावेस तालमींत तयार झाले. १९६९ सालीं ते महाराष्ट्र केसरी झाले आणि १९७० च्या जुलैंत एडिंबरो येथील राष्ट्रकुल क्रीडास्पर्धांत त्यांनीं कुस्तीचें सुवर्णपदक मिळविलें. ज्या मुलखावर १९४८ च्या सप्टेंबरपर्यंत निजामाचा अंमल होता, तेथील मल्लानें बावीस वर्षांच्या आंत हें यश मिळवावें, ही गोष्ट साधी नव्हे.

परंतु त्या स्पर्धा सुरळीत पार पडल्या कशा, हें फारसें कोणी सांगत नाहीं. त्याच उन्हाळ्यांत दक्षिण आफ्रिकेचा केवळ गोऱ्यांचा क्रिकेट संघ इंग्लंडांत यावयाचा होता. वर्णभेद पाळणाऱ्यांचें असें आदरातिथ्य होणार असेल तर आम्ही एडिंबरोस येणार नाहीं, असें आफ्रिका व आशियांतील अनेक राष्ट्रांनीं बजावलें. तिकडील क्रिकेटचे कारभारी मात्र, खेळ वेगळा व राजकारण वेगळें, हाच मंत्र जपत बसले होते. (ज्या संघांत काळ्या माणसाला जन्मामुळेंच जागा नाहीं, त्या संघाची निवड म्हणे राजकारण नव्हे!) अखेर मे महिन्यांत ब्रिटिश सरकारनेंच विनंति केली, दौरा रद्द झाला आणि बहिष्कार टळला. आपल्या मल्लाला आखाडा भरलेला मिळाला, तो या राजकारणाच्या पुण्याईनें.

हें प्रथमच घडलें असेंही नाहीं. १९३४ च्या साम्राज्य क्रीडास्पर्धा मुळांत जोहान्सबर्गला ठरल्या होत्या. तेथें गौरेतर खेळाडूंस कसें वागविलें जाईल या शंकेनें त्या लंडनला हलविण्यांत आल्या, आणि तेथेंच रशीद अन्वर यांनीं कुस्तींत भारताला या स्पर्धांतलें पहिलें पदक मिळवून दिलें.

राजकारण नेहमींच असें न्यायाच्या बाजूचें असतें, असा आमचा दावा नाहीं. किंबहुना हल्लीं त्याहून मोठी सत्ता खर्चाच्या वहीची झाली आहे. बिराजदारमामांनीं पुढें पुण्यांत गोकुळ वस्ताद तालमींत शिष्य घडविले. त्यांतील राहुल आवारे याने २०१८ मध्यें गोल्ड कोस्ट येथें गुरूंप्रमाणेंच सुवर्णपदक जिंकलें. २०२६ च्या ग्लासगो स्पर्धांसाठीं मात्र काटकसरीपायीं अवघे दहा खेळ ठरविण्यांत आले, आणि त्या दहांत कुस्तीला जागा मिळाली नाहीं.