सरहद्द स्टेशनापलीकडची साष्टी

जयंत नारळीकरांची 'गंगाधरपंतांचे पानिपत' ही कथा आपण आजवर दोनच तऱ्हांनी वाया घालवीत आलो आहोत. पहिली तऱ्हा वर्गातली. एन.सी.ई.आर.टी.च्या अकरावीच्या इंग्रजी पुस्तकात ती 'दि ॲडव्हेंचर' या नावाने गेली आणि तेव्हापासून शिकवणारा थेट शेवटच्या पानांवर उडी घेतो: कॅटॅस्ट्रॉफी थिअरी, पुंजसिद्धान्त, चला, धडा संपला. दुसरी तऱ्हा बुद्धिवंतांची. पानिपत जिंकल्याचे स्वप्नरंजन, असे म्हणून नाक मुरडायचे की समीक्षा झाली. कथेतले जग हे जग म्हणून वाचायचेच नाही, यावर मात्र दोघांचेही एकमत आहे.

स्वप्नरंजनाचा आक्षेप तर कथा न वाचताच घेतला जातो. विश्वासरावाला लागलेली गोळी त्या जगात कानाजवळून निघून जाते. १४ जानेवारी १७६१ च्या त्या क्षणी काळाला फाटा फुटतो. पण ज्याच्या अंगावर हा अस्थिर काळ येतो तो इतिहासाचा प्राध्यापक आहे, अध्यक्षपदे भूषविण्याचा त्याला षोक आहे, आणि विजयी मराठ्यांच्या जगात गेल्यावर तो आझाद मैदानावरच्या रिकाम्या खुर्चीत बसून भाषण ठोकू लागताच श्रोते त्याची धुलाई करतात. ते पानिपत गंगाधरपंतांचे. इंग्रजी शीर्षकात हा श्लेष उरलेला नाही. आणखी एक गंमत अशी, की जिथे पानिपत जिंकले गेले त्या जगातल्या मराठीत 'पानिपत होणे' हा वाक्प्रचारच नसणार! म्हणजे कथेचे नाव ज्या जगाविषयी आहे, त्या जगात ते नाव कळणारच नाही. हे स्वप्नरंजन असेल तर फारच तिरकस म्हणायला हवे.

आगगाडीत गंगाधरपंतांच्या समोर बसलेले खानसाहेब मुंबईहून पुढे दिल्ली, लाहोर करीत पेशावरला निघालेले असतात. कामानिमित्त, निवांत. या एका प्रवाशाच्या तिकिटावर लेखकाने न झालेली फाळणी लिहून ठेवली आहे आणि आम्ही मात्र भगवा झेंडा शोधत बसतो.

पण माझी खरी तक्रार नकाशाची आहे. ती मिरा-भाईंदरच्या माणसाला सुचावी यात नवल नाही. जिजामाता एक्सप्रेस कल्याण मागे टाकते, लांब बोगद्यातून बाहेर पडते आणि 'सरहद्द' नावाच्या छोट्या स्टेशनावर थांबते. परवाने तपासले जातात. इथून ब्रिटिश राज्य सुरू. पुढच्या उपनगरी डब्यांवर चिमुकला युनियन जॅक. बोगद्यापलीकडे म्हणजे ठाण्याच्या बाजूला, म्हणजेच साष्टीच्या उंबरठ्यावर. परंतु १७६१ साली साष्टी इंग्रजांची नव्हतीच. १७३७ पासून मराठ्यांनी ती पोर्तुगीजांकडून घेतली होती. १७३९ च्या वसई मोहिमेत आमच्या भाईंदरचा धारावी किल्लाही लढला गेला. आपल्या जगात इंग्रजांनी ठाणे घेतले ते डिसेंबर १७७४ मध्ये, पेशव्यांच्या घरातल्या भांडणाचा फायदा उठवून, आणि १७८२ च्या सालबाईच्या तहाने साष्टी त्यांच्याकडेच राहिली. त्या भांडणाच्या मुळाशी रघुनाथराव. कथेत तर हे दादासाहेब राजकारणातून बाजूला सारले जातात! मग १७७४ घडण्याचे कारण काय? कथेच्याच तर्काने सरहद्द माहीमच्या खाडीवर हवी. ती बोगद्याच्या तोंडाशी कशी आली?

उत्तर कथेतच आहे, निदान त्याचा धागा आहे. १९०८ च्या करारान्वये मराठ्यांनी व्यापाराच्या सोयीसाठी मुंबई ब्रिटिशांकडे भाडेपट्ट्याने राहू दिली, मुदत २००१ पर्यंत. हाँगकाँगचा इतिहास ज्याला ठाऊक आहे त्याला इथे थांबावेच लागेल. ते बेट ब्रिटिशांना १८४२ मध्ये मिळाले, पण बेटामागचा मुलूख त्यांनी १८९८ साली नव्याण्णव वर्षांच्या पट्ट्याने घेतला. वाढत्या बंदराला पाणी, जमीन, लोहमार्ग हवाच असतो. उपनगरी रेल्वे चालवणाऱ्या मुंबईलाही साष्टी हवी होती, असे वाचले की सरहद्दीचे कोडे सुटते आणि एक अप्रिय प्रश्न उभा राहतो. विजयी, विज्ञानप्रेमी, लोकशाहीकडे वाटचाल करणाऱ्या पुण्याने साष्टी परक्यांना दिली असेल, तर इथल्या आगरी, कोळी, ईस्ट इंडियन ख्रिस्ती माणसांना कोणी विचारले होते का? मिठागरांत राबणाऱ्याच्या दृष्टीने काळाच्या दोन फाट्यांत फरक तो काय पडला? पानिपत जिंकले काय अन् हरले काय, त्याची जमीन दुसऱ्याच कोणाच्या तहात लिहिली गेली.

नारळीकरांनी हा प्रश्न विचारलेला नाही. त्यांचे लक्ष गोळीवर आहे, खाडीवर नाही. ती कथेची मर्यादा म्हणून खुशाल दाखवावी. पण ती दाखवता येण्यासाठी आधी त्या जगाचा नकाशा मांडून बसावे लागते, १९०८ चा करार हा आपल्या तहांइतकाच गांभीर्याने वाचावा लागतो. टॉल्कीनच्या नकाशांवर निबंध लिहिणारे आमचे विद्यार्थी हे करू शकत नाहीत, असे मी मानत नाही. त्यांना कोणी सांगितले नाही, एवढेच. कॅटॅस्ट्रॉफी थिअरीवर टीप लिहा, हा प्रश्न यंदाच्या प्रश्नपत्रिकेतून काढून त्याजागी एवढेच विचारून पाहावे: गंगाधरपंतांच्या जगात १ जानेवारी २००२ रोजी साष्टी कोणाच्या ताब्यात होती, आणि कथेतील कोणत्या वाक्यांच्या आधारे?