‘चाणक्य’ पदवीचे मानकरी

एखाद्या पक्षाचे आमदार सकाळी एका बाकावर आणि सायंकाळी दुसऱ्या बाकावर दिसू लागले, की राजकीय चर्चेत एक शब्द हमखास अवतरतो. ज्याने ही जुळवाजुळव केली तो ‘चाणक्य’ ठरतो, त्याच्या खेळीला ‘चाणक्यनीती’ म्हटले जाते आणि ज्यांचे घर फुटले तेही कपाळावर हात मारून हाच शब्द वापरतात. निषेध करणाऱ्याच्या तोंडी कौतुकाचा शब्द यावा, हे भाषेच्या व्यवहारात क्वचितच घडते. गोव्यासारख्या चाळीस आमदारांच्या राज्यात, जेथे दोन-तीन माणसे इकडची तिकडे झाली तरी सरकार बदलते, तेथे या शब्दाचा अर्थ नीट तपासणे ही केवळ व्याकरणाची हौस राहत नाही.

मराठीत या नावावरून दोन शब्द आले. एक जुना, दुसरा अलीकडचा. जुना शब्द ‘चाणाक्ष’. हे विशेषण चाणक्याच्या नावावरूनच घडले असे सामान्यतः मानले जाते आणि त्याचा प्रवास मोठा सोज्वळ आहे. वाचक चाणाक्ष असतो, गृहिणी चाणाक्ष असते, तपास करणारा पोलीस अधिकारी चाणाक्ष असतो. पाहणाऱ्याचा, पारखणाऱ्याचा, फसवणूक ओळखणाऱ्याचा गुण म्हणजे चाणाक्षपणा. फसवणूक करणाऱ्याला मराठी माणूस चाणाक्ष म्हणत नाही. त्यासाठी ‘बिलंदर’, ‘बेरकी’, ‘आतल्या गाठीचा’ असे शब्द त्याच्या हाताशी आहेत. दुसरा शब्द, म्हणजे सामान्यनाम म्हणून वापरला जाणारा ‘चाणक्य’, हा वृत्तपत्रांच्या आणि वाहिन्यांच्या काळात फोफावला. दिल्लीतील वकिलातींच्या वसाहतीला चाणक्यपुरी हे नाव मिळाले, १९९१ मध्ये दूरदर्शनवरील मालिकेने शेंडी मोकळी सोडलेला तो ब्राह्मण घरोघरी नेला आणि पुढे प्रत्येक पक्षाला आपापला चाणक्य मिळाला. मतदानोत्तर चाचण्यांच्या धंद्यातही हे नाव आहेच.

युरोपातही असाच एक शब्द आहे. निकोलो मॅकियाव्हेली या फ्लॉरेन्सच्या विचारवंतावरून ‘मॅकियाव्हेलियन’ हे विशेषण निघाले, पण ती शिवी झाली. १४९८ ते १५१२ या काळात फ्लॉरेन्सच्या प्रजासत्ताकाची चाकरी केलेला हा अधिकारी मेदिची घराणे सत्तेवर परतताच पदच्युत झाला. १५१३ मध्ये कटाच्या संशयावरून त्याला कैद करून दोरीला टांगण्याची शिक्षा देण्यात आली. सुटकेनंतर गावाबाहेरच्या शेतघरात बसून त्याने ‘प्रिन्स’ हे छोटे पुस्तक लिहिले. ते छापले गेले त्याच्या मृत्यूनंतर, १५३२ मध्ये. गोव्यात इन्क्विझिशन सुरू होण्याच्या आदल्याच वर्षी, १५५९ मध्ये, पोपने त्याचे सारे लेखन निषिद्ध ग्रंथांच्या यादीत टाकले. १५७६ मध्ये एका फ्रेंच प्रॉटेस्टंट लेखकाने त्याच्याविरुद्ध जाडजूड ग्रंथ लिहिला. म्हणजे पोपला आणि पोपच्या विरोधकांना जी थोडी माणसे सारखीच नकोशी होती, त्यांत मॅकियाव्हेली होता. पुढे प्रशियाच्या फ्रेडरिकने त्याचे खंडन करणारे पुस्तक १७४० मध्ये प्रसिद्ध केले आणि त्याच वर्षाच्या डिसेंबरात शेजारच्या सायलेशियात सैन्य घुसवले. मॅकियाव्हेलीला नावे ठेवणारे त्याचा सल्ला किती मनापासून पाळतात, याचा इतका नेमका दाखला दुसरा सापडणे कठीण.

युरोपने आपल्या राजनीतिज्ञाच्या नावाची शिवी केली, भारताने त्याची पदवी केली. फरक केवळ सभ्यतेचा नाही. दोन्हीकडे मूळ ग्रंथ वाचणारे थोडे आणि नाव घेणारे अमाप. मॅकियाव्हेलीने प्रजासत्ताकाच्या बाजूने लिहिलेला आणि ‘प्रिन्स’हून कितीतरी मोठा असलेला रोमन इतिहासावरील ग्रंथ बाजूला पडला. आपल्याकडे ‘चाणक्यनीती’ म्हणून जी सुभाषिते भ्रमणध्वनीवर सकाळी सकाळी येऊन पडतात, त्यांचा अर्थशास्त्राशी संबंध फारच दूरचा. किंबहुना कौटिलीय अर्थशास्त्रात ‘चाणक्य’ हे नावच येत नाही. ग्रंथकर्ता स्वतःला कौटिल्य म्हणवतो आणि शेवटी विष्णुगुप्त हे नाव येते. शतकानुशतके हा ग्रंथ लोकांच्या नजरेआड होता. म्हैसूरच्या प्राच्यविद्या ग्रंथालयात १९०५ मध्ये आर. शामशास्त्री यांच्या हाती त्याची ताडपत्री पोथी आली आणि १९०९ मध्ये तो छापला गेला. पुढे मुंबई विद्यापीठाने रा. पं. कंगले यांची चिकित्सक आवृत्ती, इंग्रजी अनुवाद आणि विवेचन असे तीन खंड १९६० ते १९६५ या काळात प्रसिद्ध केले. मराठी विद्वत्तेच्या या कामाचा उल्लेख चाणक्याचा जप करणारे सहसा करीत नाहीत. ग्रंथ मौर्यकाळातला की नंतरच्या शतकांतला, एका हातचा की अनेकांच्या, यावर अभ्यासकांत मतभेद आहेत, पण त्यात काय लिहिले आहे यावर नाहीत.

फोडाफोडीचा विषय अर्थशास्त्राला नवा नाही, हे मान्य केलेच पाहिजे. पहिल्याच अधिकरणात ‘कृत्य’ म्हणजे फितवता येण्याजोग्या माणसांचे चार वर्ग सांगितले आहेत : क्रुद्ध, लुब्ध, भीत आणि मानी. रागावलेला, लोभी, घाबरलेला आणि आपल्याला योग्य मान मिळत नाही असे वाटणारा. कोणाला डावलले म्हणून राग, कोणाला चौकशीचे भय, कोणाला मंत्रिपदाचा लोभ, कोणाला ज्येष्ठतेचा मान. दोन सहस्रकांत माणसाच्या स्वभावाच्या या यादीत पाचव्या वर्गाची भर घालावी लागलेली नाही. अकरावे अधिकरण तर गणसंघांत फूट कशी पाडावी यालाच वाहिलेले आहे. तेव्हा आमदार फोडणाऱ्याला चाणक्य म्हणण्यास ग्रंथाधार नाही असे म्हणता येणार नाही.

पण आधार तेवढाच आहे. कृत्यपक्षाची चर्चा दोन प्रकरणांत येते. पहिले प्रकरण परराज्यातील नव्हे तर स्वतःच्या राज्यातील असंतुष्टांविषयी आहे. त्यांना शत्रूने फितवू नये म्हणून राजाने काय करावे, हे त्यात आधी येते. म्हणजे ज्याचे आमदार फुटले त्या पक्षाच्या नेतृत्वालाही चाणक्याने एक धडा लिहून ठेवला होता, आणि तो त्यांनी वाचला नाही. सातव्या अधिकरणात ‘गतागत’ म्हणजे गेलेला आणि परत आलेला अशा माणसाचे चार प्रकार येतात. सकारण गेला व सकारण आला, विनाकारण गेला व विनाकारण आला, आणि यांच्या मधले दोन. कारणाशिवाय गेलेला आणि कारणाशिवाय आलेला चंचल असतो, त्याच्याशी संधी करू नये, असा स्पष्ट सल्ला तेथे आहे. १९६७ मध्ये हरियाणातील एका आमदाराच्या नावावरून देशाला ‘आयाराम-गयाराम’ हा शब्द मिळाला. त्याला संस्कृतात शास्त्रशुद्ध नाव आधीपासून होते.

मॅकियाव्हेलीही येथे वेगळे सांगत नाही. भाडोत्री सैन्यावर उभारलेले राज्य कधी स्थिर नसते, हा त्याचा सर्वांत आग्रही सिद्धान्त. पगारासाठी लढणारा शांततेच्या काळात लुटतो आणि युद्धात पळतो, असे त्याचे निरीक्षण होते. जुन्या सत्तेवर नाराज म्हणून जे आपल्याला येऊन मिळाले, त्यांना संतुष्ट ठेवणे अशक्यप्राय असते, हेही तो सांगतो. त्याने स्वतः फ्लॉरेन्ससाठी नागरिकांचे सैन्य उभे केले होते. ते १५१२ मध्ये प्राटो येथे हरले, ही गोष्ट वेगळी. भाडोत्री बहुमतावर विसंबणाऱ्याला मॅकियाव्हेलियन म्हटल्यास तो फ्लॉरेन्सकर बहुधा दुखावला असता.

गोव्यातील आकडे पाहिले की ‘चाणक्य’ शब्दातली आणखी एक पोकळी दिसते. मार्च २०१९ मध्ये मगो पक्षाच्या तीनपैकी दोन आमदारांनी भाजपची वाट धरली. त्याच वर्षी जुलैत काँग्रेसच्या पंधरापैकी दहा गेले. सप्टेंबर २०२२ मध्ये अकरापैकी आठ. तीनचे दोन तृतीयांश दोन. पंधराचे दहा. अकराचे सात पूर्णांक एक तृतीयांश, म्हणजे किमान आठ. तिन्ही वेळी संख्या बरोबर कायद्याच्या उंबरठ्यावर थांबली, एकही अधिक नाही. घटनेच्या दहाव्या परिशिष्टाने १९८५ मध्ये पक्षांतराला आळा घातला, तेव्हा एक तृतीयांश सदस्यांची फूट वैध होती. २००३ च्या दुरुस्तीने ती सवलत काढली आणि दोन तृतीयांशांच्या विलीनीकरणाची तेवढी ठेवली. किरकोळ विक्री बंद झाली, घाऊक चालू राहिली. २०१९ च्या बारा आमदारांना अपात्र ठरवण्याच्या याचिका सभापतींनी फेटाळल्या आणि मुंबई उच्च न्यायालयाच्या गोवा खंडपीठाने फेब्रुवारी २०२२ मध्ये तो निर्णय कायम ठेवला. ज्या कामाला त्रैराशिक पुरते, त्यासाठी मौर्य साम्राज्याच्या शिल्पकाराला बोलावण्याचे कारण नाही.

उलट चाणक्याची आठवण यावी असा एक प्रसंग गोव्यात घडला, तेव्हा मात्र कोणाला ती झाली नाही. जानेवारी २०२२ मध्ये काँग्रेसच्या उमेदवारांना पणजीचे महालक्ष्मी मंदिर, बांबोळीचा क्रूस आणि बेतीचा दर्गा येथे नेऊन पक्ष न सोडण्याची शपथ देण्यात आली. अर्थशास्त्रात अमात्यांची निष्ठा पारखण्यासाठी ‘उपधा’ नावाच्या गुप्त परीक्षा आहेत : धर्माची, अर्थाची, कामाची आणि भयाची. माणसाला मोह दाखवून तो टिकतो का ते पाहायचे आणि ज्या परीक्षेत तो उतरला त्या जातीचे काम त्याला द्यायचे. परीक्षा शपथ घेण्याची नाही, शपथ मोडण्याची संधी देण्याची. अर्थात कौटिल्याने तेथेच एक इशाराही दिला आहे. निर्मळ मन एकदा अशा परीक्षेने गढूळ झाले तर ते पुन्हा नितळ होईलच असे नाही, तेव्हा हा उपाय जपून वापरावा. तीन देवस्थानांची शपथ आठ महिनेही टिकली नाही. तिची जाहीर छायाचित्रे मात्र अजून टिकून आहेत.

फोडाफोडीचे चाणक्यपण जेथून आले, ते विशाखदत्ताचे ‘मुद्राराक्षस’ या दृष्टीने पुन्हा पाहण्याजोगे आहे. लोकांच्या मनातला चाणक्य अर्थशास्त्रातला नाही, या नाटकातला आहे. त्यातले सारे कारस्थान विरुद्ध पक्षाचा एक माणूस आपल्याकडे आणण्यासाठी आहे. बनावट पत्र, पळवलेली मुद्रा, वेषांतर केलेले हेर, मित्राला सुळावर चढवण्याचा देखावा, काही म्हणून बाकी ठेवलेले नाही. पण तो माणूस कोण ? नंदांचा अमात्य राक्षस, जो आपले धनी मारले गेल्यावरही त्यांच्याशी एकनिष्ठ राहिला. चाणक्याला तो हवा आहे तो याच कारणासाठी, की तो विकत मिळत नाही. राक्षस वश होतो तोही लोभाने नव्हे, मित्र चंदनदासाचे प्राण वाचवण्यासाठी. आणि त्याच्या हाती मंत्रिपद सोपवून चाणक्य स्वतः सत्तेतून बाजूला होतो. मधल्या एका अंकात राजवाड्याचा कंचुकी त्याच्या घरी येतो आणि साम्राज्याच्या सूत्रधाराची मोडकी झोपडी पाहून थक्क होतो. आजच्या मानकऱ्यांपैकी कोणाच्या घरी जाऊन कंचुकी थक्क होईल, तर ते वेगळ्या कारणाने.

या नावाचा आणखी एक उपयोग झाला होता, तो आता विसरला गेला आहे. नोव्हेंबर १९३७ मध्ये कोलकात्याच्या ‘मॉडर्न रिव्ह्यू’ मासिकात जवाहरलाल नेहरूंवर एक लेख आला. हा लोकप्रिय नेता उद्या हुकूमशहा होऊ शकेल, त्याला आवरा, असा त्याचा आशय होता. लेखकाच्या जागी नाव होते ‘चाणक्य’. तो लेख स्वतः नेहरूंनीच लिहिला होता, हे नंतर उघड झाले. तेथे चाणक्य म्हणजे सत्ता मिळवून देणारा नव्हता, सत्ताधाऱ्यावर पहारा ठेवणारा होता. तो अर्थ ‘चाणाक्ष’ या आपल्या जुन्या शब्दाच्या फार जवळचा.

मराठीकडे या व्यवहारासाठी स्वतःचे शब्द नव्हते असेही नाही. इंग्रजांनी नाना फडणवीसांना मराठ्यांचा मॅकियाव्हेली म्हटले, मराठ्यांनी त्यांना साडेतीन शहाण्यांतला अर्धा शहाणा म्हटले. तरवार न चालवणारा म्हणून अर्धा. शहाणपणाला पूर्णत्व देण्यापूर्वी समाज काहीतरी मोजून घेत होता. १७७४ च्या ‘बारभाईच्या कारस्थाना’तला ‘कारस्थान’ शब्दही त्या काळी मसलतीच्या जवळचा होता. आज तो खाली उतरला आहे. कारस्थान निंद्य झाले आणि कारस्थान करणारा वंद्य झाला, असा हा भाषेतला विचित्र हिशेब आहे.

त्यातून हरवतो तो मतदार. गोव्यात एका मतदारसंघात सरासरी तीस हजारांच्या आत मतदार आहेत. आमदार बाजारात, जत्रेत, फेस्ताला, लग्नात भेटतो. तो ज्या चिन्हावर निवडून आला ते चिन्ह त्याने बदलले, तर ती घटना त्या तीस हजारांच्या मताविषयीची असते. ‘चाणक्यनीती’ म्हटले की बातमी दोन खेळाडूंची होते. एक जिंकलेला, एक हरलेला. पट म्हणून ज्यांचा वापर झाला, त्यांना त्या वाक्यात जागाच उरत नाही. ‘पक्षांतर’ हा रुक्ष शब्द निदान काय घडले ते सांगतो. ‘विश्वासघात’ हा कोणाचे काय बिघडले ते सांगतो. ‘चाणक्य’ फक्त कोण हुशार ते सांगतो.

२०२२ मध्ये निवडून आलेल्या विधानसभेची मुदत मार्च २०२७ पर्यंत आहे. त्या निवडणुकीत कोणालाही स्पष्ट बहुमत मिळाले नाही, तर २०१७ प्रमाणे निकालाच्या रात्रीच धावपळ सुरू होईल. तेव्हा सतरा जागा जिंकलेली काँग्रेस बाहेर राहिली होती आणि तेरा जागांच्या भाजपने सरकार बनवले होते. पहाटेपर्यंत पणजीतल्या हॉटेलांचे दिवे जळतील, सकाळी मथळे जुळवले जातील आणि पदवी कोणाला द्यायची याचा निर्णय वृत्तकक्षात काही मिनिटांत होईल. त्या घाईतही कोणी रात्रीच्या त्या बैठकांची नुसती यादी छापली, कोण आले, कोणत्या चिन्हावर निवडून आलेला होता, काय घेऊन गेला, तर त्या दिवशीच्या बातमीत विशेषणाची गरज पडणार नाही.