कार्लाइलचा विजय कोणाचा?

अमेरिकन फुटबॉलचा इतिहास सांगणारे १९१२ च्या कार्लाइल संघाचे गोडवे गातात. पेनसिल्व्हेनियातील आदिवासी मुलांच्या या शाळेने त्या हंगामात बड्या महाविद्यालयांशी झुंज देत १२ सामने जिंकले, एक गमावला, एक बरोबरीत सोडवला. ९ नोव्हेंबरला वेस्ट पॉइंट येथे लष्करी अकादमीच्या संघाला त्यांनी २७-६ असे लोळवले. पराभूत संघात पुढे राष्ट्राध्यक्ष झालेले आयझेनहॉवर होते. याच लष्कराने २९ डिसेंबर १८९० रोजी वुंडेड नी येथे स्त्रिया-मुलांसह अडीचशेहून अधिक लाकोटांची कत्तल केली होती. त्या घटनेला २२ वर्षेही झाली नव्हती.

ही कथा ऐकताना छाती फुगते. पण आम्ही विचारतो, हा विजय नेमका कोणाचा?

कार्लाइलची शाळा १८७९ मध्ये रिचर्ड प्रॅट या लष्करी अधिकाऱ्याने जुन्या छावणीत काढली. मुलांमधला 'इंडियन' मारून माणूस वाचवायचा, हे त्याचे उघड धोरण. आल्याबरोबर मुलांचे केस कापले जात, नावे बदलली जात, मातृभाषा बोलण्यास मनाई असे. शिक्षण माणसाला मुक्त करते हे खरे. पण ज्या शिक्षणाची पहिली अट स्वतःच्या माणसांची लाज वाटणे ही असते, ते शिक्षण नव्हे, ती गुलामीची तालीम होय.

मुले चपळाईने आणि डावपेचांनी धिप्पाड संघांना हरवत. शाळा मात्र तो विजय आपल्या 'सुधारणे'चे प्रमाणपत्र म्हणून मिरवत असे. तिकिटांचा पैसा क्रीडा निधीत जाई आणि त्याच्या किल्ल्या अधिकारी व प्रशिक्षक पॉप वॉर्नर यांच्या हाती असत. अखेर विद्यार्थ्यांनीच तक्रार केली. १९१४ मध्ये काँग्रेसच्या समितीने चौकशी केली, तेव्हा संघाचा खेळाडू गस वेल्श याने वॉर्नरविरुद्ध साक्ष दिली. मैदानावरील कोणत्याही विजयाहून ही साक्ष आम्हाला मोठी वाटते. टाळ्या मिळाल्या म्हणून तो गप्प बसला नाही.

आणि जिम थॉर्प? १९१२ च्या स्टॉकहोम ऑलिंपिकमध्ये दोन सुवर्णपदके जिंकून तो या हंगामात खेळला. पुढच्याच वर्षी, पूर्वी पैसे घेऊन बेसबॉल खेळल्याच्या कारणावरून त्याची पदके काढून घेण्यात आली. १९५३ मध्ये तो वारला. १९८२ मध्ये त्याला सहविजेता मानण्यात आले. एकमेव विजेता म्हणून त्याचे नाव लागायला २०२२ उजाडले.

शाळा १९१८ मध्ये बंद झाली. देशातील सर्व मूलनिवासींना नागरिकत्व मिळाले ते १९२४ मध्ये. म्हणजे ज्यांच्या खेळासाठी हजारो लोक तिकिटे काढत होते, त्यांच्यापैकी अनेकांच्या समाजबांधवांना नागरिकाचा दर्जाही नव्हता. शाळेच्या दफनभूमीत पुरलेल्या मुलांचे अवशेष त्यांच्या जमातींना परत देण्याचे काम लष्कराने सुरू केले तेही २०१७ मध्ये.

शोषितांच्या गुणांचे कौतुक करणे व्यवस्थेला जड जात नाही. हक्क देणे जड जाते. म्हणून १९१२ चा हंगाम जरूर आठवावा, पण धावफलकाशेजारी ती थडगीही मोजावीत. कार्लाइलचा विजय शाळेचा नव्हता, प्रशिक्षकाचा नव्हता. तो त्या मुलांचा होता, आणि त्याचा हिशेब अजून पूर्ण झालेला नाही.