भिंत पडते तेव्हा : ‘रेझिंग हेल’, रॉक आणि खानदेश

१९८५ साली अमेरिकेत एका गाण्याची चित्रफीत प्रसिद्ध झाली. रॉक संगीताच्या एका काल्पनिक वस्तुसंग्रहालयाच्या दाराशी काळ्या टोप्या घातलेले दोन कृष्णवर्णीय तरुण येतात. दारावरचा वयस्क पहारेकरी त्यांना पाहून हसतो आणि ही जागा तुमची नव्हे, असे सुनावतो. तरुण त्याला न जुमानता आत शिरतात. गाण्याचे नाव ‘किंग ऑफ रॉक’ आणि गायचा तो गट रन-डीएमसी, न्यूयॉर्कच्या क्वीन्स भागातील हॉलिस या वस्तीतला.

इतिहासाच्या वाचकाला या प्रसंगात खरे कुतूहल वाटावे ते त्या पहारेकऱ्याचे. संग्रहालय कोणाचे, आतल्या वस्तूंच्या याद्या कोणी केल्या, दार कोणी लावले, हे प्रश्न संगीताइतकेच भाषेलाही लागू पडतात. आपली बोली नेमकी कोणत्या दालनात ठेवायची याचा वाद शतकाहून अधिक काळ पाहणाऱ्या खानदेशाला तर ते विशेषच लागू पडतात. म्हणून हा थ्रेड रन-डीएमसीच्या ‘रेझिंग हेल’ या १९८६ सालच्या अल्बमविषयी आहे, आणि त्या वाटेने जळगाव-धुळ्याविषयीही.

आधी भिंत कशी उभी राहिली ते पाहिले पाहिजे. १९२०च्या दशकात अमेरिकी ध्वनिमुद्रिका कंपन्यांनी दोन निरनिराळ्या याद्या छापायला सुरुवात केली. कृष्णवर्णीय ग्राहकांसाठी ‘रेस रेकॉर्ड्स’, आणि दक्षिणेकडील ग्रामीण गोऱ्यांसाठी ‘हिलबिली’. गाणारे-वाजवणारे मात्र एकमेकांचे ऐकत होते, एकमेकांच्या चाली उचलत होते. वेगळेपण वाद्यांत फारसे नव्हते, ते दुकानाच्या फळ्यांवर होते. १९४९ मध्ये ‘बिलबोर्ड’ नियतकालिकाने ‘रेस’ हा शब्द काढून त्या जागी ‘रिदम अँड ब्लूज’ हे नाव घातले. पाटी बदलली, फळी तीच राहिली. सिस्टर रोझेटा थार्प, चक बेरी, लिटल रिचर्ड या कृष्णवर्णीयांनी ज्या संगीताचा पाया घातला, ते रॉक १९७०च्या दशकापर्यंत गोऱ्यांचे संगीत म्हणून ओळखले जाऊ लागले होते. पहारेकरी ज्यांना हाकलत होता, ते त्या घराचे वारसच होते.

‘रेझिंग हेल’मधील सर्वांत गाजलेल्या गाण्याची जन्मकथा या दृष्टीने बोलकी आहे. एअरोस्मिथ या गोऱ्या रॉक वाद्यवृंदाच्या १९७५ सालच्या अल्बममध्ये ‘वॉक धिस वे’ हे गाणे होते. त्याच्या आरंभीचा ढोलाचा ठेका रॅपच्या मंडळींना फार प्रिय. जॅम मास्टर जे तबकड्यांवर तेवढाच तुकडा पुनःपुन्हा फिरवी आणि रन व डीएमसी त्यावर आपले शब्द म्हणत. ठेक्यानंतर मूळ गायक काय गातो, याच्याशी त्यांना कर्तव्य नव्हते. संपूर्ण गाणेच नव्याने करावे ही कल्पना निर्माता रिक रुबिन याची. रन आणि डीएमसी त्यावर मुळीच खूश नव्हते. ते शब्द त्यांना परके आणि निरर्थक वाटत होते. अखेर एअरोस्मिथचे स्टीव्हन टायलर आणि जो पेरी स्वतः स्टुडिओत आले आणि दोन्ही पक्षांनी मिळून गाणे मुद्रित केले. त्याच्या चित्रफितीत दोन शेजारच्या खोल्यांत दोन गट सराव करीत असतात आणि टायलर माइकच्या दांड्याने मधली भिंत फोडतो. एवढे उघड रूपक एरवी बाळबोध वाटले असते, पण रॅप आणि रॉक यांना रेडिओवर खरोखरच वेगवेगळ्या खोल्या असताना ते बाळबोध राहिले नाही.

मूळ गाणे अमेरिकेच्या यादीत दहाव्या क्रमांकापर्यंत गेले होते. नवे चौथ्यापर्यंत पोहोचले. दहा लाख प्रतींच्या विक्रीचे प्लॅटिनम प्रमाणपत्र मिळवणारा ‘रेझिंग हेल’ हा पहिला रॅप अल्बम ठरला.

बहुतेक लोकप्रिय इतिहास येथेच थांबतात आणि त्यामुळे उरलेली अकरा गाणी विसरली जातात. हा अन्याय आहे. पहिल्याच गाण्यात बालगीतांतील पात्रे येतात आणि त्यांच्या तुलनेत जॅम मास्टर जेची थोरवी गायली जाते. ‘इट्स ट्रिकी’मध्ये ‘माय शरोना’ या रॉक गाण्याची गिटार घुमते. आणि शेवटचे गाणे कृष्णवर्णीयांच्या इतिहासाचे, पूर्वजांची नावे घेऊन अभिमान सांगणारे आहे. शेजाऱ्याशी भिंत फोडून गळाभेट झाल्यावर अल्बम संपतो तो स्वतःच्या वंशावळीवर. हा क्रम ध्यानात घेतला नाही तर ‘मिश्रण’ या शब्दाचा अर्थ निम्माच कळतो.

भिंत पडल्यावर पलीकडे कोण गेले, हा पुढचा आणि अधिक अवघड प्रश्न. ओहोटीला लागलेल्या एअरोस्मिथला या गाण्याने नवसंजीवनी दिली. ‘बिलबोर्ड’च्या अल्बम-यादीत पहिल्या स्थानी पोहोचलेला पहिला रॅप अल्बम १९८७ मध्ये बीस्टी बॉइज या गोऱ्या गटाचा होता, आणि त्याचाही निर्माता रुबिनच. १९९०च्या दशकाच्या अखेरीस रॅप-रॉक म्हटले की लिंप बिझकिटसारखे प्रामुख्याने गोरे गट डोळ्यांसमोर येऊ लागले. २००९ मध्ये रन-डीएमसीला रॉक अँड रोल हॉल ऑफ फेममध्ये मानाने प्रवेश मिळाला, म्हणजे चित्रफितीतल्या संग्रहालयाचे दार खरोखर उघडले. मात्र तो दिवस पाहायला जॅम मास्टर जे हयात नव्हता. २००२ मध्ये क्वीन्समधील एका स्टुडिओत त्याची गोळ्या घालून हत्या झाली होती.

मराठीत रॅपचा विषय निघाला की हमखास एक वाक्य येते : पोवाडा म्हणजे आमचे रॅपच. हे वाक्य अभिमानाचे असले तरी आळसाचे आहे. शाहिराला आश्रयदाता होता, मागे झील धरणारे होते, सांगायला पराक्रमाची कथा होती. रॅप उगवले ते १९७०च्या दशकातील ब्राँक्सच्या पडझडीत, दुसऱ्याच्या तबकडीतून चोरलेल्या ठेक्यावर. दोन गोष्टी सारख्याच आहेत असे ठरवून टाकले की त्यांना एकत्र आणण्याचे कष्ट घ्यावे लागत नाहीत. रन-डीएमसीने ते घेतले. कुरकुरत घेतले, पण घेतले.

आता खानदेशातील याद्यांकडे. १९०६ मध्ये ब्रिटिशांनी खानदेश जिल्ह्याचे दोन भाग केले. पूर्व खानदेशाचे ठाणे जळगाव झाले, पश्चिम खानदेशाचे धुळे. पुढल्याच वर्षी, १९०७ मध्ये, ग्रिअर्सन यांच्या भाषा-सर्वेक्षणाचा एक खंड प्रसिद्ध झाला, त्यात ‘खानदेशी’ला भिल्ल भाषांच्या सोबतीला बसवले गेले. तिचे नाते गुजरातीशी की मराठीशी, हा वाद त्यानंतर थांबलेला नाही. अहिराणीत ‘माझा’ला ‘मना’ म्हणतात, ‘तुझा’ला ‘तुना’, आणि ‘आहे’ऐवजी ‘शे’ येते. बोलणाऱ्याला यात काहीच अडचण नाही. अडचण यादी करणाऱ्याची. शिवाय खानदेशाची बोली एकच, असेही नाही. यावल-रावेर पट्ट्यात लेवा बोली कानी पडते, साक्रीच्या पश्चिमेस कोकणा आणि भिल्ल बोली.

जळगावजवळच्या आसोद्याच्या बहिणाबाई चौधरी यांना लिहिता-वाचता येत नव्हते. त्यांच्या ओव्या मुलगा सोपानदेव आणि नातलग पितांबर यांनी टिपून ठेवल्या. १९५१ मध्ये त्या गेल्या. १९५२ मध्ये आचार्य अत्रे यांच्या प्रस्तावनेसह कविता पुस्तकरूपाने आल्या आणि मराठी वाचक थक्क झाला. येथे पहारेकऱ्यानेच दार उघडले, असे म्हणता येईल. २०१८ मध्ये जळगावच्या विद्यापीठाला त्यांचे नाव मिळाले. पण त्या दाराने आत गेल्या त्या बहिणाबाई. त्यांची बोली पाठ्यपुस्तकातल्या एका कवितेच्या आकाराएवढीच आत गेली. बाकीची परीक्षेच्या प्रमाण मराठीबाहेर उभी राहिली.

आज चित्र बदलले आहे, असे वरवर दिसते. ‘हाई झुमका वाली पोर’सारखी अहिराणी गाणी खानदेशाच्या सीमा ओलांडून महाराष्ट्रभर लग्नांच्या वरातींत वाजली. हे यश खोटे नव्हे, आणि त्याला नाके मुरडणाऱ्यांनी रन-डीएमसीला हसणारा पहारेकरी आठवावा. मात्र पुण्या-मुंबईच्या श्रोत्याला या भाषेतून हवी असते ती बहुधा मौज : ठसका, खट्याळपणा, गावरान चव. अहिराणीने दुःख सांगावे, इतिहास सांगावे, तापीकाठच्या केळीचा किंवा पांझराकाठच्या कोरड्या पात्राचा हिशेब मांडावा, ही अपेक्षा कोणी करीत नाही. एअरोस्मिथच्या तबकडीतला ठेका तेवढा घेऊन बाकीचे गाणे सोडून द्यावे, तसेच हे. फरक इतकाच, की तेथे तुकडा उचलणारा दुबळा होता; येथे उचलणारा सबळ आहे.

दुसरी रीत महाराष्ट्रातच पाहायला मिळते. मुंबईच्या स्वदेसी या बहुभाषी हिपहॉप गटाने २०१९ मध्ये ‘द वारली रिव्होल्ट’ हे गाणे आरे जंगलातील केलटीपाड्याचे आदिवासी कलावंत प्रकाश भोईर यांच्यासोबत केले. भोईर त्यात सजावटीपुरते नाहीत. जंगल कोणाचे, हा गाण्याचा मूळ प्रश्न त्यांच्याच जगण्यातून येतो. रॅपर त्यांच्या बाजूला उभे राहतात, त्यांच्या पुढे नव्हे. ‘वॉक धिस वे’पेक्षा ही भागीदारी अधिक प्रामाणिक आहे, हे सांगायला संकोच नको.

धुळ्या-जळगावच्या मुलांनी असाच अख्खा अल्बम केला तर सामग्रीची वाण पडणार नाही. डोंगऱ्यादेवाच्या उत्सवात घुमणारी पावरी आहे. तिचा अखंड स्वर विजेच्या गिटारीशेजारी लाजणार नाही. कानबाईची गाणी आहेत, आखाजीच्या झोक्यावरची गौराईची गाणी आहेत. ‘शे’ हे एकाक्षरी क्रियापद ओळीच्या शेवटी टाळीसारखे पडते. यमक जुळवणाऱ्याला प्रमाण मराठीतील ‘आहे’पेक्षा ते कितीतरी सोयीचे. एक गाणे गाजून विरून जाते. बारा गाण्यांत मात्र एका वस्तीचे बोलणे, भांडणे, देवदेवता आणि पूर्वज मावतात. हॉलिसच्या तिघांनी ते करून दाखवले.

घाई करण्याचे कारणही आहे. जनगणनेत ‘खानदेशी’ या शीर्षकाखाली अहिराणीसह काही बोली मोजल्या जातात. २००१ मध्ये त्या मातृभाषा म्हणून सांगणारे सुमारे २० लाख ७५ हजार होते; २०११ मध्ये सुमारे १८ लाख ६० हजार. दोन लाखांहून अधिक माणसे दहा वर्षांत गावे सोडून नाहीशी झालेली नाहीत. प्रगणक दाराशी आल्यावर बहुतेकांनी ‘मराठी’ असे सांगितले असावे, आणि तो गेल्यावर घरात वळून ‘मनी माय’ अशी हाक मारली असावी.