एकसारखे दोन मेल दिसले म्हणून लगेच डिलीट करू नका



उद्यम नोंदणी, जीएसटी, बँक, सगळीकडे आपण एक ईमेल आयडी देतो आणि मग तो आयडी विसरून जातो. वर्षभराने उघडला तर मेलचा ढीग, आणि त्यात एकच मेल दोन-दोन, तीन-तीनदा! मग वैतागून एका रविवारी सगळं सिलेक्ट करायचं आणि उडवायचं. या पद्धतीला माझा विरोध आहे. माझं मत सरळ आहे: डुप्लिकेट मेल आधी ओळखायचे, मग ते कुठून येतात ते बंद करायचं, आणि डिलीट सगळ्यात शेवटी.

दुकानात एकाच साबणाचे दोन खोके वरून सारखेच दिसतात. पण एकावर जुनी एमआरपी असते, एकावर नवी. न बघता आपण विकतो का? मग मेलच्या बाबतीत न बघता का उडवतो?

आपल्या जिल्ह्यातलंच उदाहरण घ्या. नंदुरबार, नवापूर, शहादा इथल्या कापड दुकानांत सुरतचा माल येतो. समजा, सुरतच्या व्यापाऱ्याने बिल मेल केलं आणि त्यात सीजीएसटी-एसजीएसटी लावला. माल गुजरातमधून महाराष्ट्रात आला, म्हणजे आयजीएसटी लागायला हवा. त्याच्या लक्षात आलं, त्याने सुधारलेलं बिल पाठवलं. विषय तोच, बिल नंबर तोच, पार्टी तीच. तुम्ही "डबल आलंय" म्हणून दुसरं उडवलं, तर तुमच्याकडे उरलं चुकीचं बिल. पुढच्या महिन्याच्या १४ तारखेला जीएसटीआर-२बी येतो, त्याच्याशी ते जुळत नाही. मग टॅक्स क्रेडिटसाठी फोनाफोनी सुरू.

याच्या उलट धोकाही आहे. तेच बिल पुन्हा येतं, फक्त खाली बँक खात्याचा नंबर बदललेला असतो. "खातं बदललंय, यावर पैसे टाका." ही फसवणुकीची जुनी युक्ती आहे. अशा वेळी मेलमध्ये दिलेल्या नंबरवर नाही, तर आपल्याकडे आधीपासून असलेल्या नंबरवर फोन करून विचारा. पैसे गेलेच, तर लगेच १९३० या सायबर हेल्पलाइनवर तक्रार करा.

आता ओळखायचं कसं? प्रत्येक मेलला एक मेसेज आयडी असतो, आपल्या आधार नंबरासारखा. कॉम्प्युटरवर जीमेलमध्ये मेल उघडा, तीन टिंबांवर क्लिक करा, 'शो ओरिजिनल' निवडा. सगळ्यात वर मेसेज आयडी दिसेल. दोन्हींचा आयडी एकच असेल, तर ती खरी डुप्लिकेट. आयडी वेगळा असेल, तर कोणीतरी तो मेल पुन्हा पाठवलाय. का पाठवला, ते उघडून बघा. प्रत्येक मेलला हे करायची गरज नाही. बिल, बँक आणि सरकारी मेल, एवढ्यांना पुरे.

दुसरी पायरी, नळ बंद करणे. नुसती फरशी पुसून उपयोग नाही.

- फोनच्या मेल ॲपमध्ये एकच खातं दोनदा जोडलंय का, बघा.
- जुन्या आयडीवरून नव्यावर फॉरवर्ड लावलंय आणि पार्टी दोन्ही आयडींवर मेल पाठवते, असं आहे का? पार्टीला एकच आयडी कळवा.
- धडगाव-अक्कलकुव्याकडे रेंज गेली की माणूस पुन्हा पुन्हा सेंड दाबतो. आपणही तेच करतो. आधी आउटबॉक्स बघायचा, मग सेंड दाबायचं.

एक गोष्ट लक्षात ठेवा. जीमेलमध्ये एकच मेल इनबॉक्समध्येही दिसतो आणि लेबलखालीही दिसतो. ते दोन मेल नाहीत! एकीकडून डिलीट केला की दोन्हीकडून जातो. ट्रॅशमध्ये तो ३० दिवस राहतो, नंतर कायमचा गेला.

मग साफ करायचंच नाही का? करायचं. जीमेलची मोफत जागा १५ जीबी, तीही फोटो आणि ड्राइव्हसोबत वाटून. ती भरली की नवीन मेल येणंच बंद होतं, म्हणजे ऑर्डरही बंद. म्हणून जाहिराती, ओटीपी, ऑफरचे मेल बिनधास्त उडवा. पण बिलांना हात लावू नका. जीएसटी कायद्याप्रमाणे हिशोबाची कागदपत्रं वार्षिक रिटर्नच्या शेवटच्या तारखेपासून ७२ महिने सांभाळावी लागतात. बिलांसाठी वेगळं लेबल करा आणि दर महिन्याला पीडीएफ कॉम्प्युटरवर उतरवून घ्या.

आणि सगळ्यात महत्त्वाचं. जीएसटी नोंदणीत दिलेल्या ईमेलवर आलेली नोटीस कायद्याने तुम्हाला मिळाली असंच धरलं जातं. कलम १६९ तसं सांगतं. नोंदणी रद्द करण्याच्या नोटिशीला उत्तर द्यायला फक्त सात कामकाजाचे दिवस असतात. चाळीस डबल मेलच्या गर्दीत ती एक नोटीस दबली, तर "मी मेल बघितलाच नाही" हे कारण चालत नाही. आणि नोंदणीत तुमच्याऐवजी टॅक्सवाल्याचा आयडी असेल, तर आधी तो बदलून घ्या.

दुकानाचं शटर उघडल्यावर आपण आधी झाडून घेतो. तशीच रोज दहा मिनिटं इनबॉक्सला द्या. वर्षाकाठी एकदा सगळं उडवण्यापेक्षा ते स्वस्त पडतं.